भिंत वरून सुकते, आतून नाही

पूर ओसरला की घरातला चिखल दोन-तीन दिवसांत निघतो. फरशी धुतली जाते, गोधड्या दोरीवर पडतात, आठवड्याभरात भिंतींचा काळसर रंग उजळू लागतो आणि घरातले कुणीतरी म्हणते, ‘वाळलं आता घर.’ त्यानंतरचा प्रश्न ठरलेला असतो. सणाच्या आधी रंग देऊन टाकायचा का? २०२५च्या पावसाळ्यानंतर नांदेड आणि लातूर जिल्ह्यांतल्या अनेक घरांत हा प्रश्न निघाला. विज्ञानाचे त्याला उत्तर आहे: एवढ्यात नको. भिंत वरून वाळली म्हणजे घर वाळले असे होत नाही, आणि ओल्या भिंतीवर चढवलेला रंग त्या घराला पुढची दोन-तीन वर्षे त्रास देऊ शकतो.

त्या वर्षी १७ आणि १८ ऑगस्टच्या दरम्यान मुखेड तालुक्यात प्रचंड पाऊस झाला. लेंडी प्रकल्पाच्या परिसरातल्या रावनगाव, भासवाडी, भिंगेली, हसनाळ या गावांत पाणी शिरले, लष्कराला पाचारण करावे लागले, हसनाळमध्ये माणसे दगावली. पुढे सप्टेंबरच्या उत्तरार्धात मांजरा आणि तेरणा पात्राबाहेर पडल्या, विष्णुपुरीतून सोडलेल्या पाण्याने गोदावरी फुगली. घटस्थापना २२ सप्टेंबरला होती आणि लक्ष्मीपूजन २१ ऑक्टोबरला. म्हणजे घरात शिरलेले पाणी आणि दारात लागणाऱ्या पणत्या यांच्यामध्ये जेमतेम तीन-चार आठवडे होते. हे तेच लातूर, ज्याला २०१६ मध्ये मिरजेहून रेल्वेने पाणी पाठवावे लागले होते. पाणी साठवायचे कसे, पुरवून वापरायचे कसे, हे मराठवाड्याला पिढ्यान्‌पिढ्या ठाऊक आहे. घरात मुरलेले पाणी बाहेर काढायचे कसे, हे शिकण्याची वेळ इथे फारशी आली नव्हती.

मुरलेले पाणी म्हणजे किती, याचा अंदाज साध्या गणिताने येतो. भारतीय मानकानुसार साधी वीट पाण्यात बुडवली तर तिने आपल्या वजनाच्या २० टक्क्यांपेक्षा जास्त पाणी शोषू नये. आपण निम्मेच धरू. तीन किलोची वीट म्हणजे ३०० मिलिलिटर पाणी. नऊ इंची भिंतीत दर चौरस फुटाला साधारण दहा विटा बसतात. दहा फूट लांबीच्या भिंतीला तीन फुटांपर्यंत पाणी लागले असेल, तर त्या तीनशे विटांत ९० लिटर पाणी बसले. चार भिंतींची खोली धरली तर साडेतीनशे लिटरच्या वर. पाणी भरायला आपण वापरतो ते दोनशे लिटरचे निळे ड्रम जवळजवळ दोन भरतील एवढे पाणी भिंतींच्या पोटात उभे असते, आणि डोळ्यांना मात्र दिसतो तो फक्त एक मातकट पट्टा. ओल त्या पट्ट्याशीही थांबत नाही. दिव्याच्या वातीतून तेल चढावे तसे विटेच्या सूक्ष्म छिद्रांतून पाणी वर चढते. म्हणून पाण्याची खूण कमरेला असली तरी ओल छातीपर्यंत सापडते.

हे पाणी बाहेर पडण्याचे दोन टप्पे असतात. पहिल्या टप्प्यात भिंतीचा पृष्ठभाग ओला असतो. आतले पाणी झिरपत पृष्ठभागापर्यंत येते आणि तिथून उडून जाते. हा टप्पा वेगाने उरकतो. मग पृष्ठभाग कोरडा पडतो आणि पाण्याला विटेच्या आतच वाफ होऊन अरुंद छिद्रांतून वाट काढत यावे लागते. वेग एकदम मंदावतो. घर ‘वाळल्या’सारखे वाटते ते नेमके पहिला टप्पा संपतो तेव्हा, आणि खरे लांबलचक काम तिथून सुरू होते. बांधकाम क्षेत्रात एक जुना ठोकताळा आहे: भिंतीच्या दर इंच जाडीला एक महिना. तो थंड हवेच्या देशांतला. आपल्याकडचे ऊन हा काळ बराच कमी करते. तरी नऊ इंची भिंतीसाठी हिशेब महिन्यांचाच राहतो.

पाण्याची वाफ व्हायला उष्णता लागते. माठातले पाणी गार होते त्याचे कारण हेच: माठाच्या अंगातून झिरपलेले पाणी उडताना उष्णता घेऊन जाते. ओली भिंत हा एक मोठा माठच असतो, म्हणून तिला हात लावला की गार लागते. साडेतीनशे लिटर पाणी उडवायला सुमारे २४० युनिट विजेइतकी उष्णता लागेल. विजेच्या बिलातून हे करायला कुणालाच परवडणार नाही. सुदैवाने आपल्याकडे हे काम फुकट करणारा महिना आहे, ऑक्टोबर.

यामागचे गणित असे. सप्टेंबरच्या भिजक्या दिवशी तापमान २७ अंश आणि आर्द्रता ९० टक्के असेल, तर एका घनमीटर हवेत सुमारे २३ ग्रॅम बाष्प आधीच असते आणि तिच्यात आणखी अडीच-तीन ग्रॅम बाष्पालाच जागा उरते. ऑक्टोबरच्या दुपारी ३३ अंश तापमान आणि ४० टक्के आर्द्रता असेल, तर त्याच घनमीटर हवेत २१ ग्रॅमची जागा मोकळी असते. जवळपास आठपट. ज्या ऑक्टोबर हीटला आपण वैतागतो, ती पूरग्रस्त घरासाठी लाखमोलाची असते. गंमत अशी की नेमक्या याच काळात आपण भिंतींना पुट्टी लावून त्यांची तोंडे बंद करतो.

अमेरिका-युरोपात पाण्यात गेलेले घर वाळवणे हा स्वतंत्र व्यवसाय आहे. ही मंडळी आधी पंपाने पाणी काढतात, भिजलेले गालिचे आणि जिप्समचे तक्ते कापून बाहेर टाकतात, मग खोलीत जोरदार हवा फेकणारे पंखे आणि हवेतले बाष्प शोषणारी डीह्युमिडिफायर यंत्रे लावतात. रोज आर्द्रता मोजून वहीत नोंदवतात आणि भिंतीतली ओल ठरलेल्या पातळीखाली आल्याशिवाय काम संपल्याचे सांगत नाहीत. त्यांच्या शास्त्रात पाण्याचीही प्रतवारी आहे. फुटलेल्या नळाचे पाणी स्वच्छ. नदीच्या पुराचे पाणी सर्वांत घाण प्रतीचे, कारण त्यात गटार, शेतातली औषधे, मेलेली जनावरे असे सगळे मिसळलेले असते. आपल्याकडे मुखेड-निलंग्यात अशी सेवा शोधायला गेलो तर भेटेल तो गवंडी किंवा पेंटर, आणि तो आपले काम करणार, म्हणजे गिलावा किंवा रंग. वाळवणे हे काम कुणाचेच नसते. पण त्या व्यवसायामागची तत्त्वे समजली, तर त्यातले बरेचसे आपल्याला घरच्या साधनांनी करता येते.

आधी थोडे कागदोपत्री. पंचनामा व्हायचा आहे म्हणून चिखल तसाच ठेवणारी कुटुंबे असतात. त्यांची भीती खोटी नाही, पण बुरशी तलाठ्याची वाट पाहत नाही. ओल्या वस्तूवर ती २४ ते ४८ तासांत उगवू लागते. पाण्याची खूण दिसेल असे प्रत्येक खोलीचे फोटो आणि व्हिडिओ काढावेत, शेजारी टेप धरून उंची दाखवावी, भिजलेल्या वस्तूंची यादी करावी, तलाठी-ग्रामसेवकांना कळवावे आणि कामाला लागावे.

पंखा लावण्यापूर्वी मेन स्विच बंद आहे ना, हे पाहावे. पाण्यात गेलेल्या बोर्डांत आणि नळ्यांत चिखल बसलेला असतो. वायरमनने ते उघडून, साफ करून, तपासून दिल्याशिवाय वीज चालू करू नये. मग हवेची व्यवस्था. इथे मराठवाड्याकडे एक छान साधन आधीपासून आहे: पत्र्याचा कूलर. त्याचा पंप बंद ठेवून, बाजूच्या गवताच्या ताट्या काढून टाकल्या की तो खोलीतली हवा ढकलणारा दांडगा पंखा होतो. तो एका दारात बाहेर तोंड करून ठेवावा आणि समोरची खिडकी उघडी ठेवावी, म्हणजे दमट हवा बाहेर जाते आणि कोरडी आत येते. कूलरच पाण्यात बुडाला असेल तर मोटार तपासून घेतल्याशिवाय अर्थातच नाही. आणि त्यात पाणी घालून चालवला तर भिंतींना पुन्हा पाणी पाजल्यासारखे होईल, हेही सांगून ठेवतो. उकाड्यात हा मोह होतोच.

खिडक्या कधी उघडायच्या, यातही चूक होते. पाऊस पडत असताना किंवा पहाटेच्या दमट हवेत सताड उघड्या खिडक्यांनी फायदा होत नाही. सकाळी ऊन चढल्यापासून संध्याकाळपर्यंत घर मोकळे ठेवावे. एसी असेल आणि बाहेर पाऊस असेल, तर मात्र दारे-खिडक्या लावून तो ‘ड्राय’ मोडवर चालवावा. एसीच्या नळीतून बाहेर ठिबकणारे पाणी हे तुमच्या भिंतींतून आणि हवेतून निघालेले पाणी असते. नळीखाली बादली ठेवली की दिवसाला किती निघाले ते मोजताही येते. डीह्युमिडिफायरही याच तत्त्वावर चालतो आणि त्यालाही बंद खोली लागते. खिडकी उघडी ठेवून तो चालवणे म्हणजे गावाची हवा वाळवायला निघणे. काही शे रुपयांत मिळणारा आर्द्रतामापक घरात टांगला तर अंदाजाने काम करावे लागत नाही. तो सतत ६० टक्क्यांच्या वर दाखवत असेल, तर बुरशीला तिथे राहायला आवडते असे समजावे.

हवा जिथे पोचत नाही त्या जागा जास्त धोक्याच्या. भिंतीला टेकवलेले लोखंडी कपाट, दिवाणाचा खण, ओट्याखालच्या ट्रॉल्या, देवघराची मागची बाजू. फर्निचर भिंतीपासून हातभर पुढे ओढावे. भिजून फुगलेला पार्टिकल बोर्ड आणि जिप्समचे छत परत पहिल्यासारखे होत नाही. ते काढून टाकणेच बरे. गोधड्या गरम पाण्यात धुऊन कडक उन्हात वाळवता येतात. पुरात भिजलेल्या कापसाच्या गाद्या मात्र टाकाव्यात, हे लिहिताना जड जाते, कारण त्यांतल्या कितीतरी गाद्या लग्नात आलेल्या असतात. पण गटाराचे पाणी प्यालेला कापूस पिंजून घेतला तरी स्वच्छ होत नाही.

बुरशीचा विचार आपण डाग म्हणून करतो. तो छातीचा विचार आहे. जागतिक आरोग्य संघटनेने २००९ मध्ये घरातील ओल आणि बुरशी यांवर मार्गदर्शक तत्त्वे प्रसिद्ध केली. ओलसर घरांत राहणाऱ्यांना श्वसनाचे त्रास, श्वसनमार्गाचे संसर्ग आणि दम्याचे झटके यांचा धोका वाढतो, असे त्यांत म्हटले आहे. २००५ मध्ये कॅटरिना वादळानंतर अमेरिकेतील न्यू ऑर्लिन्स परिसरात ११२ घरांची पाहणी झाली, तेव्हा ४६ टक्के घरांत डोळ्यांना दिसणारी बुरशी होती आणि १७ टक्के घरांत ती भरपूर माजलेली होती. आपल्याकडे पुरानंतर ताप, जुलाब, लेप्टोस्पायरोसिस यांसाठी आरोग्य पथके येतात आणि यायलाच हवीत. पण महिना-दीड महिन्याने घरातल्या आजोबांचा खोकला वाढतो, लहान मुलीची छाती रात्री वाजायला लागते, तेव्हा ‘हवा बदलली’ म्हणून तो विषय संपवला जातो. अशा वेळी डॉक्टरांना एक वाक्य आवर्जून सांगावे: घरात पाणी शिरले होते आणि भिंतींना वास येतो.

बुरशी कोरड्या झाडूने झाडू नये आणि तिच्यावर पंख्याचा झोत सोडू नये. बीजाणू घरभर होतात. तोंडाला एन-९५ मास्क, हातात मोजे, आधी साबणाच्या पाण्याने ओल्या फडक्याने पुसणे, असा क्रम ठेवावा. ब्लीचिंग पावडरचे पाणी टाइल, फरशी, धातू अशा टणक पृष्ठभागांवर उपयोगी पडते. विटेत, लाकडात, गिलाव्यात आत शिरलेल्या बुरशीपर्यंत ते पोचत नाही. शिवाय मेलेल्या बुरशीनेही ॲलर्जी होते, म्हणून ती मारण्यापेक्षा काढून टाकणे महत्त्वाचे. गिलावा फुगून पोकळ वाजत असेल तर तेवढा भाग खरवडून विटा उघड्या ठेवाव्यात. दम्याच्या रुग्णांना या कामात घेऊ नये. आणि ब्लीचिंग पावडर आणि संडासासाठीचे ॲसिड कधीही एकत्र करू नये. त्यातून क्लोरीन वायू निघतो, बंद न्हाणीघरात तो जीवघेणा ठरू शकतो.

घर लवकर वाळावे म्हणून खोलीत शेगडी किंवा गॅस पेटवून ठेवण्याचा एक उपाय केला जातो. तो दोन्ही बाजूंनी वाईट. एक किलो गॅस जळला की सुमारे दीड किलो पाणी वाफेच्या रूपात त्याच खोलीत सुटते. कोळशाची शेगडी बंद खोलीत कार्बन मोनॉक्साइड सोडते, ज्याला वास नसतो.

आता रंगाकडे. पुट्टी, ऑइल पेंट आणि चकचकीत इमल्शन यांचा थर भिंतीवरच्या प्लॅस्टिकसारखे काम करतो. आतली वाफ अडते, मागे दाब धरते आणि काही महिन्यांत फुगे येऊन पोपडे निघतात. पाणी उडताना विटेतले आणि पुराच्या गाळातले क्षार पृष्ठभागावर आणून सोडते. तोच आपण म्हणतो तो लोणा. लोण्याची पांढरी पूड ही भिंत वाळत असल्याची खूण आहे, ती दिसली की घाबरू नये. कोरड्या ब्रशने झाडून, गोळा करून बाहेर टाकावी. धुऊ नये, धुतल्यास क्षार विरघळून परत आत जातात. सणासाठी भिंत उजळ करायचीच असेल तर चुना मारावा. चुन्यातून वाफ जाते, त्याच्या अल्कधर्मी गुणामुळे बुरशीही सहजासहजी धरत नाही, आणि खर्च रंगाच्या मानाने किरकोळ. पेंटर नाक मुरडेल, मुरडू द्यावे.

भिंत रंगाला तयार आहे का, हे पाहण्याची चाचणी घरीच होते. पारदर्शक प्लॅस्टिकचा दीड फुटी चौकोन पाण्याच्या खुणेच्या थोडा खाली लावून चारही कडा चिकटपट्टीने घट्ट बंद कराव्यात. दुसऱ्या दिवशी आतून घाम आलेला दिसला किंवा भिंत काळपट पडली, तर अजून थांबायचे. जमिनीजवळ, मध्यावर आणि खिडकीपासून दूरच्या कोपऱ्यात, अशा तीन ठिकाणी करावी. दोन सुया टोचून ओल सांगणारे विजेचे मीटरही मिळतात, मात्र लोणा लागलेल्या भिंतीत क्षारांमुळे ते खऱ्यापेक्षा जास्त आकडा दाखवतात.

हे सगळे विटेच्या घराचे झाले. जुन्या दगड-मातीच्या घरांचा हिशेब वेगळा आणि अधिक गंभीर आहे. ३० सप्टेंबर १९९३च्या पहाटे किल्लारीच्या भूकंपात माणसे मोठ्या प्रमाणावर दगावली ती मातीत रचलेल्या जाड दगडी भिंती आणि त्यांवरची माळवदाची जड छते कोसळल्याने. अशी घरे लातूर-नांदेडच्या गावांत आजही आहेत. मातीचा सांधा ओला झाला की त्याची ताकद जाते. बाहेरून भिंत उभी दिसते, आतून पोट सुटते. पाऊस थांबून ऊन पडल्यावर दोन-चार दिवसांनी भिंत बसल्याच्या बातम्या येतात, त्यामागे बहुधा हेच असते. भिंत फुगलेली, झुकलेली किंवा पायथ्याशी माती वाहून गेलेली दिसली तर त्या खोलीत झोपू नये, माळवदावर साठलेले पाणी आधी काढावे आणि जाणकाराला दाखवूनच आत जावे. मातीच्या भिंतीला मजबुतीसाठी सिमेंटचा गिलावा करण्याची घाई तर अजिबात नको. सिमेंट वाफ अडवते, आतली माती ओलीच राहते. मातीच्या भिंतीला मातीचा किंवा चुन्याचा लेपच मानवतो.

घरातल्या दोन वस्तूंबद्दल वेगळे सांगायला हवे. पहिली, धान्य. पुराचे पाणी लागलेली ज्वारी, गहू, तूर उन्हात वाळवली की दिसायला बरी दिसते. पण त्यावर बुरशी धरली असेल तर अफ्लाटॉक्सिनसारखी विषे राहून जातात, जी वाळवल्याने, दळल्याने किंवा भाकरी भाजल्यानेही पूर्ण जात नाहीत. यकृतासाठी ती घातक आहेत. असे धान्य जनावरांनाही घालू नये. वर्षाची ज्वारी फेकून द्या, असे सांगणे सोपे आहे आणि ऐकणाऱ्याच्या घरात दुसरे धान्य नसते, हे खरे. म्हणूनच पूरग्रस्तांच्या मदतीत रोख रकमेइतकेच धान्य लवकर पोचणे हा आरोग्याचा विषय ठरतो.

दुसरी, कागद. खरेदीखत, मुलांच्या मार्कशीट, लग्नाचे फोटो ओले झाले की लोक एकेक पान सोलायला जातात आणि ते फाटते. ग्रंथालये अशा वेळी पुस्तके गोठवतात, कारण गोठलेल्या कागदावर बुरशी वाढत नाही. घरीही हे जमते. हलक्या हाताने चिखल काढून, गठ्ठे प्लॅस्टिकच्या पिशवीत घालून कुणाच्याही चालू फ्रीजरमध्ये ठेवावेत. मग सवडीने थोडे थोडे बाहेर काढून, कोऱ्या कागदात दाबून, सावलीत पंख्याखाली वाळवावेत.

शेवटी भेगा. आपल्याकडची काळी माती पाण्याने फुगते आणि वाळताना आकसते, हे शेतात प्रत्येकाने पाहिलेले असते. तेच घराच्या पायाखाली होते. त्यामुळे पूर ओसरल्यावर महिन्या-दोन महिन्यांनी, जमीन वाळू लागली की भिंतीत नव्या भेगा दिसतात. त्या लगेच बुजवल्या तर शेजारी दुसऱ्या पडतात. भेगेच्या दोन्ही टोकांना पेन्सिलीने रेघ मारून तारीख लिहावी, दर पंधरवड्याला पाहावे. बोट जाईल एवढी रुंद भेग असेल किंवा दार-खिडकीच्या चौकटी अडकू लागल्या, तर अभियंत्याला बोलवावे. बाकीच्या भेगा पुढे सरकायच्या थांबल्या की बुजवाव्यात. संक्रांतीच्या आधी तो दिवस सहसा येत नाही.